‘पाल’ या शब्दाचा दाखला

१

माझ्या शाळा सोडल्याच्या दाखल्यावर ‘जन्मस्थळ’ या रकान्यात ‘मु. पाल, ता. रावेर, जि. जळगाव’ असे लिहिलेले आहे. या पाल गावी मी जन्मलेलो नाही. माझे आईबाप तेथे कधी राहिलेले नाहीत. वयाच्या अठ्ठाविसाव्या वर्षापर्यंत मी ते गाव पाहिलेलेही नव्हते. तरी सरकारी कागदाच्या लेखी मी पालचा आहे. आणि एका अर्थाने ते खोटेही नाही. मी जन्मलो तो पालातच. फक्त ते पाल रावेर तालुक्यात नव्हते. चार काठ्यांवर गोणपाट आणि जुनी लुगडी टाकून ते रस्त्याच्या कडेला उभे केलेले होते, आणि दोन-तीन महिन्यांनी ते तेथेही नव्हते.

आम्ही वैदू. बाप खांद्याला झोळी लावून झाडपाला विकत गावोगाव हिंडे, तुंबडी लावी. आई सुया, पोत, बिब्बे विके. एका बाजारगावाबाहेर आमची पालं नेहमीपेक्षा जास्त दिवस टिकली, तेव्हा बापाने मला शाळेत नेले. तेथील कारकुनाने विचारले, “गाव कोणतं रे तुझं?” बाप म्हणाला, “गाव न्हाई साहेब. पालावर ऱ्हातो.” कारकुनाने त्यातले ‘पाल’ एवढेच घेतले. त्या नावाचे गाव सातपुड्यात आहे हे त्याला माहीत होते. तालुका आणि जिल्हा त्याने आपल्या ज्ञानातून भरला. बापाने अंगठा उठवला.

त्या कारकुनाला मी दुष्ट म्हणणार नाही. त्याच्या जगात प्रत्येक माणसाला गाव असते, जसे प्रत्येकाला नाव असते. ‘गाव नाही’ हे उत्तर त्याला ऐकूच येणे शक्य नव्हते. बापाने एका भाषेत सांगितले आणि त्याने दुसऱ्या भाषेत ऐकले. दोन्ही भाषांचे नाव मात्र मराठीच होते.

या एका शब्दाचा हिशेब मला पुढे चुकवावा लागला. महाराष्ट्रात विमुक्त आणि भटक्या जमातींच्या माणसाला जात सिद्ध करायची तर २१ नोव्हेंबर १९६१ पूर्वीचा पुरावा मागतात. दाखल्यावर पाल असल्यामुळे मला पालचा पुरावा मागण्यात आला. म्हणून मी प्रथम पालला गेलो. रावेरहून एस.टी.ने सातपुडा चढताना सुकी नदीचे खोरे लागते. पाल हे थंड हवेचे ठिकाण म्हणून जळगाव जिल्ह्यात प्रसिद्ध आहे. १९६९ साली जाहीर झालेले यावल अभयारण्य याच डोंगरात आहे. गाव सुंदर आहे. पण तेथील दप्तरात माझ्या आजाचे नाव असण्याचा प्रश्नच नव्हता. दप्तरात नाव यायला जमीन लागते, नाहीतर शाळा लागते. माझ्या आजाजवळ दोन्ही नव्हते. पुढे दूरच्या एका चुलत्याची जुनी शाळेतील नोंद सापडली आणि माझे प्रमाणपत्र निघाले. माझ्याबरोबरच्या दोघांचे निघाले नाही. त्यांनी शिक्षण सोडले.

हा लेख मी गाऱ्हाणे म्हणून लिहीत नाही. त्या दिवसापासून ‘पाल’ या शब्दाने माझी पाठ धरली, आणि तो मला कोठे कोठे घेऊन गेला ते चळवळीतल्या वाचकांसमोर मांडावे, एवढाच हेतू आहे.

२

माझ्या वर्गात मराठी, अहिराणी, लेवा बोली, पावरी, भिल्ली, तडवी आणि बंजाऱ्यांची गोरमाटी बोलणारी मुले एकत्र बसतात. एकदा मी फळ्यावर ‘पाल’ लिहिले आणि अर्थ विचारला. पहिले उत्तर आले ते भिंतीवरच्या पालीचे. दुसऱ्याने तंबू सांगितला. तिसऱ्याने गाव सांगितले. हिंदी माध्यमातून आलेल्या एका मुलीने नावेचे शीड सांगितले. एकाने ‘राज्यपाल’ म्हटले आणि वर्ग हसला. शेवटच्या बाकावरून एक जण म्हणाला, “सर, इंग्रजीत पाल म्हणजे दोस्त.”

मराठीत तरी यांतल्या दोन अर्थांची गल्लत होऊ नये अशी सोय आहे. ‘ती पाल’ म्हटले की भिंतीवरची, ‘ते पाल’ म्हटले की आमचे घर. पण त्यांचे सामाजिक स्थान फारसे वेगळे नाही. पाल चुकचुकली की लोकांच्या मनात शंका येते. गावाबाहेर पालं पडली की तीच शंका पोलीस पाटलाच्या मनात येते.

माझ्या घरात या शब्दाला आणखी एक अर्थ होता. वैदूंची घरातली बोली तेलुगूच्या वळणाची आहे. आमच्या बोलीत ‘पालु’ म्हणजे दूध. मी आईला अम्मा म्हणे. धाकटा भाऊ रात्री दुधासाठी रडू लागला की अम्मा म्हणे, “पाल आहे, पालु नाही.” आम्ही सगळे हसत असू. ती कोटी आहे हे मला तेव्हा कळत होते. त्यात भाषाशास्त्र आहे हे पुढे कळले. एकाच गोणपाटाखाली आर्य कुळातला एक शब्द आणि द्राविड कुळातला एक शब्द शेजारी शेजारी झोपत होते आणि त्यांची एकमेकांशी काहीही ओळख नव्हती.

३

‘पाल’ची ही पसरण एकदा नीट पाहिली पाहिजे.

संस्कृतात ‘पाल’ म्हणजे रक्षण करणारा. द्वारपाल, राज्यपाल, लेखपाल हे सगळे त्याच घरातले. आठव्या ते बाराव्या शतकापर्यंत बंगाल-बिहारवर राज्य करणाऱ्या बौद्ध राजघराण्याला पाल घराणे म्हणतात, ते त्या राजांच्या नावांच्या शेवटी हा शब्द येतो म्हणून: गोपाल, धर्मपाल, देवपाल. विक्रमशिला हे महाविहार धर्मपालाने उभारले. त्याच नावाच्या सिंहली बौद्धाने, अनागारिक धर्मपालांनी, १८९१ साली महाबोधी सोसायटी स्थापन केली. हा शब्द दुसऱ्या शब्दाच्या शेवटी आला की माणूस मोठा होतो. एकटा उभा राहिला की त्याचे गोणपाट होते, हे आपल्या भाषेचे वैशिष्ट्य.

हिंदीत ‘पाल’ म्हणजे शीड, तंबू आणि आंबे पिकवण्याची आढीसुद्धा. तमिळ आणि मलयाळम या भाषांत ‘पाल्’ म्हणजे दूध. तमिळमध्ये त्याच उच्चाराचा दुसरा अर्थ भाग, विभाग असा आहे. तिरुक्कुरळ या ग्रंथाचे तीन भाग ‘पाल्’ याच नावाने ओळखले जातात. तेलुगूत ‘पालु’ दूधही आहे आणि वाटाही आहे.

याला चिकटून आणखी एक शब्द येतो. संस्कृतात ‘पल्ली’ म्हणजे घरातली पाल, आणि ‘पल्ली’ म्हणजेच छोटी वस्ती, विशेषतः रानातल्या लोकांची. मराठीतली ‘ती पाल’ या पल्लीपासून आली. गडचिरोली जिल्ह्यातल्या आलापल्लीच्या नावात दुसरी पल्ली बसलेली आहे. भिल्लांच्या मुलखात, म्हणजे मेवाड, डुंगरपूर, बांसवाडा, साबरकांठा या पट्ट्यात, वस्तीला आजही ‘पाल’ म्हणतात.

आणि इंग्रजीतला ‘पाल’ म्हणजे मित्र, सोबती.

४

हे सगळे प्रथम जमा झाले तेव्हा मला मोठा आनंद झाला होता. वाटले, सगळे एकच. आमचे पाल, भिल्लांची पाल, तमिळांचे दूध, इंग्रजांचा दोस्त, सगळ्यांचे मूळ आमच्या पालावर आहे! भटक्यांनी जगाला शब्द वाटले असा एक लेखही मी मनात लिहून काढला. तो कागदावर उतरला नाही हे बरे झाले.

उच्चार सारखा म्हणून शब्द एक, ही समजूत इतिहासाची शत्रू आहे. कोणत्याही भाषेत ध्वनी असतात तीस-चाळीस, आणि शब्द असतात हजारो. तीन ध्वनींचा शब्द घेतला तर तो जगातल्या अनेक भाषांत सापडणारच, आणि प्रत्येक ठिकाणी त्याचा अर्थ वेगळा असणार. यात गूढ काही नाही. शब्द जितका आखूड तितका योगायोग सोपा.

मग नाते ओळखायचे कसे? एका शब्दावरून ते ओळखता येत नाही; शब्दांची रांग लावावी लागते. तमिळमध्ये ‘पाल्’ दूध, कानडीत ‘हालु’. तमिळमध्ये ‘पुलि’ वाघ, कानडीत ‘हुलि’. तमिळमध्ये फूल ‘पू’, कानडीत ‘हू’. तमिळमध्ये भिंतीवरची पाल ‘पल्लि’, कानडीत ‘हल्लि’. तमिळमध्ये वस्ती ‘पळ्ळि’, कानडीत ‘हळ्ळि’. एकीकडे ‘प’ आला की दुसरीकडे ठरल्याप्रमाणे ‘ह’ येतो. हा नियम आहे आणि नियम हाच रक्ताचा पुरावा. तमिळ पाल् आणि कानडी हालु हे उच्चाराने वेगळे, पण सख्खे. तमिळ पाल् आणि मराठी पाल हे उच्चाराने एक, पण परके.

ही गोष्ट मी विशेष आग्रहाने सांगतो, कारण आपल्याकडे व्युत्पत्तीचे वेड सर्वच बाजूंनी आहे. इतिहासाचार्य वि. का. राजवाडे यांचे निधन ३१ डिसेंबर १९२६ रोजी धुळ्यात झाले आणि पुढच्याच वर्षी तेथे त्यांच्या नावाने संशोधन मंडळ उभे राहिले. खानदेशातल्या इतिहासाच्या विद्यार्थ्याला त्या इमारतीची पायरी चढावीच लागते, मीही चढलो. राजवाड्यांनी हजारो मराठी शब्दांची मुळे शोधली आणि त्यांचे व्युत्पत्तिकोश मंडळाने छापले. त्यांचे परिश्रम प्रचंड आहेत हे नाकारणे कृतघ्नपणा होईल. पण मराठी शब्द दिसला की त्याला संस्कृत बाप शोधून द्यायचा, ही त्यांची ओढ त्यांच्या समाजदृष्टीशी जुळणारीच होती. ज्याला संस्कृत बाप मिळाला तो शब्द कुलीन ठरला. ज्याला नाही, तो देशी म्हणून अंगणात राहिला.

आपण याला उत्तर म्हणून उलट बाजूने तेच करू लागलो तर काय साधेल? आपल्या जातीचे नाव एखाद्या राजवंशाच्या नावाशी उच्चारात जुळते म्हणून आपण राजे होतो, असे सांगणाऱ्या पुस्तिका प्रत्येक मेळाव्यात विकल्या जातात. त्यामागची तहान मी समजू शकतो. पण खोट्या वंशावळीचा आधार घेणारा माणूस वंशावळीचे राज्य मान्य करतो. जन्मावरून प्रतिष्ठा ठरू नये असे म्हणणाऱ्या चळवळीला शब्दाचा जन्म उजळून काय मिळवायचे आहे?

५

आता जेथे नाते खरे आहे, किंवा निदान नियमाला धरून आहे, तेथे पाहू.

पल्लीपासून पाल होणे हे मराठी-गुजराती-राजस्थानी या भाषांच्या ध्वनिनियमांत बसते. म्हणून भिल्लांच्या पालीचे नाते संस्कृतातल्या पल्लीशी जोडले जाते. पण त्या पल्लीत कोण राहतो? सोमदेवाच्या ‘कथासरित्सागरा’त, अकराव्या शतकात, पल्ली ही शबर, पुलिंद, भिल्ल यांची असते. त्यांच्या नायकाला ‘पल्लीपती’ म्हणतात. तो व्यापाऱ्यांचे तांडे लुटतो, देवीपुढे बळी देण्यासाठी माणसे धरतो. कधी तो उपकार जाणणारा, दिलदारही असतो. पण कथेत त्याचा प्रवेश बहुतेक वेळा लुटारू म्हणूनच होतो. म्हणजे शब्दकोशात ‘वस्ती’ हा अर्थ लिहिलेला असला, तरी ऐकणाऱ्याच्या मनात ‘चोरांची’ हे विशेषण आधीच उमटलेले असे.

प्रत्यक्षात भिल्लांची पाल म्हणजे काय? टेकडीटेकडीवर एकेक घर, घराभोवती त्याचे शेत, अशी ती पसरलेली असते. काही घरांचे मिळून एक फळे, काही फळ्यांची मिळून एक पाल. तिचा प्रमुख गमेती. ती एक स्वायत्त सामाजिक व्यवस्था होती. इंग्रजांनी १८१८ साली खानदेश घेतला तेव्हा त्यांना सर्वांत जास्त त्रास झाला तो भिल्लांचा. म्हणून १८२५ साली आउट्रमने भिल्लांचीच पलटण उभी केली आणि धरणगाव हे तिचे ठाणे झाले. भिल्लांविरुद्ध भिल्लच वापरण्याची ती युक्ती होती.

७ मार्च १९२२ रोजी आजच्या गुजरातेत, साबरकांठ्याच्या डोंगरात, पाल-चितरिया येथे मोतीलाल तेजावत यांच्या नेतृत्वाखाली वेठ आणि सारावाढ यांविरुद्ध जमलेल्या भिल्लांवर मेवाड भिल्ल कोअरने गोळ्या झाडल्या. इंग्रजी दप्तराने मेलेल्यांची संख्या २२ लिहिली. गुजरात सरकार ती सुमारे १२०० सांगते. या दोन आकड्यांमधले अंतर हाच आदिवासींचा इतिहास आहे. जालियनवाला बागेला तीन वर्षेही झाली नव्हती. तो बाग आपल्या प्रत्येक क्रमिक पुस्तकात आहे. पाल किती पुस्तकांत आहे?

दक्षिणेकडे याच शब्दाने दुसरी वाट धरली. तमिळमध्ये ‘पळ्ळि’ म्हणजे वस्ती, निजण्याची जागा, आणि जैन-बौद्ध श्रमणांचा निवास. मदुराईजवळ मांगुळम् येथील जैन मुनींच्या गुहांत इसवी सनापूर्वी दुसऱ्या शतकाच्या सुमाराचे तमिळ-ब्राह्मी लेख आहेत. त्यांत हा शब्द मुनींना दान दिलेल्या निवासासाठी आलेला आहे. साधारण त्याच काळात जळगावहून दोन तासांच्या वाटेवर अजिंठ्याची पहिली लेणी कोरली जात होती. श्रमण जेथे राहत तेथे शिकवत. म्हणून तमिळमध्ये शाळेला आज ‘पळ्ळिक्कूडम्’ म्हणतात. केरळात मशीदही पळ्ळि आणि चर्चही पळ्ळिच. ज्याला ज्याला वेदाचा दरवाजा बंद होता, त्याचे त्याचे प्रार्थनास्थळ त्या शब्दात मावले.

एका बाजूला पल्ली म्हणजे लुटारूंचा अड्डा, दुसऱ्या बाजूला पळ्ळि म्हणजे शाळा. माझ्या बापाने माझा हात धरून एका पालातून दुसऱ्या पळ्ळित नेले, असे आता मला म्हणता येते. त्या दिवशी कारकुनाला ते माहीत नव्हते. बापालाही नव्हते.

तेलुगूतही गाव म्हणजे ‘पल्ले’, आणि माला या अस्पृश्य जातीची वस्ती म्हणजे ‘मालपल्लि’. त्याच नावाची कादंबरी उन्नव लक्ष्मीनारायण यांनी लिहिली. ती १९२२ साली प्रसिद्ध झाली आणि मद्रास सरकारने तिच्यावर बंदी घातली. ‘पाल’वर गोळ्या आणि ‘पल्लि’वर बंदी एकाच वर्षी, हा योगायोग आहे. त्यातून मी काही सिद्ध करीत नाही. नुसते नोंदवतो.

६

आता शेवटच्या बाकावरच्या विद्यार्थ्याचा ‘पाल’. त्याचे उत्तर शोधताना मला सर्वांत मोठा धक्का बसला.

इंग्रजीतला हा शब्द मूळचा इंग्रजी नाही. सतराव्या शतकाच्या उत्तरार्धात तो इंग्रजीत नोंदलेला दिसतो, आणि तो आला जिप्सींच्या, म्हणजे रोमा लोकांच्या, रोमानी भाषेतून. रोमानीत ‘फ्राल’ म्हणजे भाऊ. इंग्लंडातल्या रोमांच्या तोंडी तो ‘प्राल’, ‘फाल’, ‘पाल’ असा झाला. आणि फ्राल म्हणजे संस्कृतातला भ्राता. संस्कृतात जेथे ‘भ’ आहे तेथे रोमानीत ‘फ’ येतो: भूमी तेथे ‘फुव’ होते. पुन्हा नियम, पुन्हा रक्ताचा पुरावा. रोमानीत दोनला ‘दुइ’, तिनाला ‘त्रिन’, पाचाला ‘पांज’, पाण्याला ‘पानी’ आणि माणसाला ‘मनुष’ म्हणतात. योहान रुदिगर या जर्मन पंडिताने १७८२ साली रोमानी आणि हिंदुस्तानी यांची तुलना प्रसिद्ध केली. हे लोक इजिप्तचे नव्हेत, हिंदुस्थानातून गेलेले आहेत, हे त्यातून सिद्ध झाले. ‘रोम’ हे त्यांचे स्वतःचे नाव ‘डोम’ या शब्दापासून आले असे भाषाशास्त्रज्ञ मानतात. काशीच्या स्मशानात चिता पेटवणारा डोम आपल्या वाचकांना नव्याने सांगायला नको.

ज्या इंग्लंडाने त्यांच्या तोंडातून भावाचा शब्द घेतला, त्याने त्यांच्याशी काय केले? १५३० च्या कायद्याने त्यांना देशात यायला बंदी केली. १५५४ च्या कायद्याने भटके जीवन न सोडणाऱ्यांसाठी मृत्युदंड ठेवला. तेच इंग्रज येथे आले आणि १८७१ साली त्यांनी जन्माने गुन्हेगार ठरवणारा कायदा केला. तो पुढे देशभर लागू झाला. बाप गुन्हेगार म्हणून लेकरू गुन्हेगार, हे मनूला न सुचलेल्या भाषेत लिहिलेले मनूचेच कलम होते. स्वातंत्र्यानंतर पाच वर्षांनी, ३१ ऑगस्ट १९५२ रोजी तो कायदा रद्द झाला. त्याच्या जागी सराईत गुन्हेगारांचे कायदे आले आणि पोलिसांच्या वह्यांतली जुनी नावे तशीच राहिली. युरोपात नाझींनी रोमांना छळछावण्यांत घातले. मारलेल्यांचे अंदाज दोन लाखांपासून पाच लाखांपर्यंत आहेत. १९७१ साली लंडनजवळ पहिली जागतिक रोमानी परिषद भरली तेव्हा त्यांनी आपल्या निशाणावर तांबडे चाक घेतले. ते आपल्या ध्वजावरच्या अशोकचक्राची आठवण ठेवणारे आहे. त्यांनी आपली आठवण ठेवली.

आता हे पाहा. इंग्रजीत ‘ब्रदर’ हाही शब्द त्याच मुळाचा आहे ज्याचा फ्राल, आणि मराठी ‘भाऊ’ही त्याच मुळाचा. म्हणजे इंग्रजीत एकाच मुळाचे दोन भाऊ आहेत. एक घरातून आला, म्हणून त्याचा अर्थ रक्ताचा भाऊ झाला. दुसरा पालावरून आला, म्हणून त्याचा अर्थ मित्र झाला आणि बाजारू बोलीत राहिला. आणि मराठी ‘भाऊ’ व इंग्रजी ‘पाल’ यांचे उच्चार एकमेकांशी मुळीच जुळत नाहीत, तरी ते सख्खे आहेत. उलट इंग्रजी ‘पाल’ आणि माझ्या बापाचे ‘पाल’ यांचा उच्चार जवळजवळ जुळतो, तरी त्यांचे नाते नाही. सारखे दिसणारे परके आणि परके वाटणारे सख्खे, हे भाषेत वारंवार घडते. समाजात ते आपण मान्य करायला तयार नसतो.

७

येथे मला खानदेशातच परत यावे लागते, आणि ते सोपे नाही.

१ जुलै २०१८ रोजी, रविवारी, धुळे जिल्ह्यात साक्री तालुक्यातल्या राईनपाडा या गावी नाथपंथी डवरी गोसावी समाजाच्या पाच माणसांना जमावाने ठेचून मारले. ही माणसे सोलापूरकडची, मंगळवेढा भागातली. पिंपळनेरला पालं ठोकून ती आसपास भिक्षा मागत हिंडत होती. मुले पळवणारी टोळी आली आहे अशी अफवा मोबाईलवरून त्या दिवसांत सगळीकडे फिरत होती. बाजारच्या गर्दीत कोणीतरी एका लहान मुलीशी बोलले, एवढ्यावरून संशय पेटला. त्यांना ग्रामपंचायतीच्या कार्यालयात कोंडून मारण्यात आले. आपण कोण आहोत, कोठून आलो, हे ते सांगत होते. त्यांच्याजवळ ओळखीचे कागद होते. ते कोणी वाचले नाहीत.

राईनपाडा सवर्णांचा बालेकिल्ला नाही. तो आदिवासींच्या पाड्यांचा मुलूख आहे. ज्यांच्या पूर्वजांना हजार वर्षांपूर्वी ‘पल्लीतले लुटारू’ म्हटले गेले, त्यांच्याच मुलखात पालावरची माणसे ‘पोरे पळवणारी’ ठरली. पल्लीपतीची जुनी गोष्ट नव्या यंत्रातून आली आणि ती आपल्याच माणसांनी खरी मानली. सगळे गाव दोषी, असे मी म्हणत नाही. तसे म्हणणे म्हणजे १८७१ चा कायदा उलटा चालवणे होईल. पण हा प्रश्न ब्राह्मणी व्यवस्थेच्या नावावर टाकून आपल्याला मोकळे होता येणार नाही. व्यवस्थेने आपल्याला शब्द दिले, हे खरे. त्यांचे अर्थ आपण तपासून घेतले नाहीत, हेही तितकेच खरे.

बाबासाहेबांनी स्वातंत्र्य आणि समता यांबरोबर बंधुतेचा आग्रह धरला, आणि ही तत्त्वे आपण फ्रेंच राज्यक्रांतीतून नव्हे तर बुद्धाकडून घेतली असे १९५४ साली आकाशवाणीवरील भाषणात स्पष्ट केले. आपण समतेसाठी मोर्चे काढले. ते काढलेच पाहिजेत. बंधुतेसाठी मोर्चा काढता येत नाही. ती ओळखीतून येते. डवरी गोसाव्यांची भाषा, त्यांचे फिरण्याचे मार्ग, त्यांचा डमरू पाड्यावरच्या किती मुलांना शाळेने ओळखीचा करून दिला? आणि पाड्यावरची माणसे कशाने घाबरतात हे पालावर कोणी सांगितले?

८

२०२७ ची जनगणना जातनिहाय होणार असे जाहीर झाले आहे. प्रगणक पालावरही येतील. २०११ च्या जनगणनेत देशभरात सुमारे १७ लाख ७३ हजार लोक ‘बेघर’ म्हणून मोजले गेले. ज्यांना छत असलेली वास्तू नाही ते बेघर, अशी ती व्याख्या आहे. माझा बाप स्वतःला बेघर म्हणाला नसता. तो म्हणाला असता, पालावर राहतो. हे उत्तर प्रगणकाने कोणत्या रकान्यात लिहायचे, हा साधा लिखापढीचा प्रश्न नाही. त्या रकान्यावर पुढच्या पन्नास वर्षांची प्रमाणपत्रे, शिष्यवृत्त्या आणि घरकुले ठरणार आहेत. चळवळीतल्या कार्यकर्त्यांना, विद्यार्थ्यांना आणि शिक्षकांना माझी विनंती एवढीच, की आपल्या गावाबाहेर पालं पडली असतील तर त्या दिवशी प्रगणकाबरोबर तेथे जा. माणूस काय सांगतो आणि कागदावर काय उतरते, ते दोन्ही ऐका आणि पाहा. जात, जमात, येण्याचे गाव, जाण्याचे गाव, जे सांगितले तेच लिहून घ्या. लिहिलेले त्याला वाचून दाखवा.

गेल्या वर्षी माझ्या मुलीला शाळेत घातले. अर्जावर तिचे जन्मस्थळ मी जळगाव लिहिले. ते खरेच आहे. ‘वडिलांचे मूळ गाव’ असाही एक रकाना होता. तेथे मी ‘पाल’ लिहिले. समोरच्या बाईंनी विचारले, “रावेर तालुका ना, सर?” मी म्हणालो, “नाही बाई. तालुका रिकामा ठेवा.” त्यांनी माझ्याकडे पाहिले. मग त्यांनी पेन खाली ठेवले आणि विचारले, “म्हणजे कसं?” आजवर हा प्रश्न आम्हाला कोणी विचारला नव्हता. मी खुर्ची ओढून बसलो आणि त्यांना सांगू लागलो.